सामानवाल्या भाऊंचे तात्पुरते निधन

प्रारंभीच क्षमा मागतो. मी लेखक नाही. वडशाच्या एका महाविद्यालयात मी तर्कशास्त्र शिकवले आणि निवृत्तीनंतर चंद्रपूरला येऊन राहिलो. एवढ्यात माझे चरित्र आटोपते. ज्यांना लिहिता येते त्यांनी लिहावे, आपण वाचावे आणि आवडल्यास मान डोलवावी, असा माझा आजवरचा शिरस्ता. परंतु वडशाला ज्यांच्या माडीवर मी भाड्याने राहत होतो, त्या गृहस्थांविषयी बोलू लागलो की ऐकणारे दर वेळी म्हणतात, “सर, हे तुम्ही रचून सांगता.” मला रचता येत नाही. तेवढेच सिद्ध करण्यासाठी हे लेखन आहे असे समजून वाचकांनी ते सोसावे.

गावात त्यांना सामानवाले भाऊ म्हणत. दिवाळी उलटली, गावोगावच्या मंडया, म्हणजे जत्रा, सुरू झाल्या, की वडशातून झाडीपट्टीच्या नाटक कंपन्या गडचिरोली-चंद्रपूरच्या खेड्यांकडे निघतात, आणि प्रत्येक कंपनीला सिंहासनापासून सुपापर्यंत शेकडो वस्तू लागतात. नाटकवाले त्यांना ‘प्रॉपर्टी’ म्हणतात. ती भाड्याने देणे हा भाऊंचा धंदा. त्यांचे वडील लाकडी तलवारींना पत्रा चढवणारे कारागीर होते. भाऊंनी तलवारींच्या जोडीला खुर्च्या, पलंग, पाळणे, टेलिफोन, तिरड्या आणि एक पेंढा भरलेले हरीण जमवून धंदा वाढवला होता. अलीकडे जंगलात चित्रीकरणाला येणारे सिनेमावालेही त्यांच्याकडे येत.

इथवर विक्षिप्त असे काही नाही. विक्षिप्तपणा होता तो भाऊंच्या सिद्धान्तात. त्यांच्या मते नट रोल करतो आणि तोंड धुऊन घरी जातो. वस्तूला तोंड धुता येत नाही. म्हणून रोल नटाला लागत नाही, वस्तूला लागतो. लागलेला रोल रीतसर उतरवल्याशिवाय ती वस्तू दुसऱ्याच्या हाती देणे म्हणजे फसवणूक. नाटकात खून करून आलेली सुरी परत आली की तिने प्रथम भाऊंच्या स्वयंपाकघरात कांदा कापायचा. खलनायकाच्या दारूच्या पेल्यात काही दिवस मोगऱ्याची फांदी राही. सावकाराच्या हातची काठी आली की भाऊ तिच्यावर ओल्या चादरी वाळत घालत, आणि शुक्रवारी नमाजाहून परतल्यावर तिला हात लावून पाहत.

“उतरला का?” मी एकदा विचारले.

“नाई जी. अजून अकड हाय तिच्यात.”

माझी खोली ‘फर्निचरसकट’ होती, आणि ते फर्निचर अर्थातच खालच्या गोदामातले होते. पहिल्याच दिवशी भाऊंनी प्रत्येक वस्तूचा परिचय करून दिला. पलंगावर दर हिवाळ्यात कुणाची तरी आई मरत असे. माझा चेहरा पाहून ते म्हणाले, “घाबरू नोका सर. मरते ते आई मोठ्या समाधानानं मरते. पोरगा वापस येते, पानी पाजते, मंग मरते. झोप मस्त येईन तुमाले.” झोप खरोखर उत्तम येई. कपाट दर्शनी होते, म्हणजे त्याला फक्त पुढची बाजू होती. दार उघडले की भिंत दिसे. भिंतीवरच्या घड्याळाचे काटे रंगवलेले होते. वेळ हवी असेल तर मी जिन्यातून भाऊंना हाक मारत असे, आणि ते वर येऊन, त्याच घड्याळाकडे पाहून, वेळ सांगत.

मी ज्या खुर्चीवर बसून उत्तरपत्रिका तपासत असे, ती त्यांनी एका सकाळी घाईघाईने उचलून नेली.

“सर, गलती झाली. हे फितूर दिवानाची खुर्ची हाय. पोट्टे नापास होतीन तुमचे.”

तिच्या जागी त्यांनी एका आंधळ्या बापाची खुर्ची आणून ठेवली. त्या वर्षी माझ्या विषयाचा निकाल बरा लागला. एका घटनेमागोमाग दुसरी घडली म्हणून पहिली दुसरीचे कारण ठरत नाही, हे मी विद्यार्थ्यांना पहिल्याच महिन्यात शिकवतो, त्यामुळे मी त्याचे श्रेय खुर्चीला दिले नाही. बदलूनही मागितली नाही.

भाऊंचा दुसरा विश्वास असा की वस्तूवरून माणूस वाचता येतो. “मानूस झूठ बोलते, त्याची चप्पल नाई बोलत,” असे ते म्हणत. हे वाचन ते फार मन लावून करीत आणि बहुतेक वेळा ते साफ चुके. एकदा माझी छत्री उलटसुलट करून त्यांनी हलकेच विचारले, “सर, तुमाले कोन्या बाईनं नाई म्हनलं होतं का?”

मी दचकलो. “असे का वाटते तुम्हाला?”

“दांडा पाहा ना. धरून धरून गुळगुळीत झाला. कोनाची वाट पाह्यल्याशिवाय छत्रीचा दांडा असा होत नाई.”

छत्री माझी नव्हती. महाविद्यालयाच्या शिपायाशी अदलाबदल होऊन ती माझ्याकडे आली होती. तसे सांगताच भाऊ म्हणाले, “मंग त्याले नाई म्हनलं असन.” शिपाई गुबगुबीत, हसतमुख आणि नातवंडांत रमलेला गृहस्थ होता. तेही सांगितले. भाऊंनी छत्री मिटली. “सुखी मानूसच तं लपवते, सर.” ज्या सिद्धान्ताला खोटा ठरवणारा पुरावा असूच शकत नाही, त्याच्यापुढे वाद संपतो. त्यानंतर मात्र तो शिपाई घंटा वाजवायला निघाला की मला उगाचच त्याच्याविषयी कणव वाटू लागली.

या घरात सिद्धान्ताचा गंधही नसलेली एकच व्यक्ती होती, ती म्हणजे भाभी, भाऊंच्या पत्नी. भाभी शिवणकाम करीत. वडशातल्या निम्म्या नवऱ्या मुलींचे ब्लाऊज त्यांच्या मशीनवरून जात. भाऊ एखाद्या पातेल्याकडे विचारमग्न होऊन पाहू लागले की त्या म्हणत, “रोल नंतर पाहजा. आधी घासून द्या.” समोरच्या खोलीत, खिडकीशी, त्यांची मशीन असे. ती मशीन भाऊंच्या सामानात मोडत नव्हती. ती भाभींची होती, आणि त्यांनी ती स्वतःच्या शिलाईतून घेतली होती.

आता मुख्य प्रसंगाकडे येतो.

मुलचेऱ्याच्या बाजूला, तळ्याकाठच्या एका बंगाली वस्तीत, सिनेमाचे चित्रीकरण चालू होते. सामानाची जबाबदारी असलेली एक मुलगी मुंबईहून आली होती. केसांत पेन्सिल खोचलेली, बोलायला गोड. तिने भाऊंचे अख्खे गोदाम पाहिले आणि निराश होऊन म्हणाली, “काका, तुमचं सगळं सामान ओव्हरॲक्टिंग करतंय.”

वस्तू अभिनय करतात हे भाऊंना आयुष्यात प्रथमच दुसऱ्या कोणीतरी सांगितले होते. त्यांनी तिला चहाला घरात नेले, आणि तिथे तिला ती मशीन दिसली.

ती पाहण्यासारखी होती हे मलाही मान्य आहे. काळ्या रंगावरची सोनेरी वेलबुट्टी डावा तळवा टेकतो तेवढ्याच जागी पुसली गेली होती. पॅडलच्या कडेला जुन्या पातळाची चिंधी गुंडाळली होती. फुटक्या स्पीकरचा लोहचुंबक बाजूला चिकटवलेला, त्यावर टाचण्या साळिंदरासारख्या उभ्या. आणि खाली, लहान मुलाच्या हाताला येईल अशा उंचीवर, सासरी गेलेल्या मुलीने कधी काळी लावलेले फुलपाखरांचे स्टिकर.

“ही बोलते, काका,” ती मुलगी म्हणाली.

भाभी भाचीच्या लग्नाला चिमूरला गेल्या होत्या. भाऊंनी मशीन देऊन टाकली.

रिकाम्या जागी त्यांनी नाटकातली मशीन आणून ठेवली. ती लाकडाची होती, आणि पॅडल मारले की आत बसवलेला पत्र्याचा डबा खडखडे. भाभी चिमूरहून परतल्या, बुरखा खुंटीला लावला, लग्नसराईचा ब्लाऊज घेतला, मशीनवर बसल्या आणि त्यांनी पॅडल मारले. डबा वाजला.

“बदली कामगार हाय,” भाऊ दारातून म्हणाले. “चार दिवस धकवून घे.”

भाभी ओरडल्या नाहीत. त्यांनी ब्लाऊज उचलला आणि शेजारणीच्या मशीनवर जाऊन शिवला. चार दिवसांचे बरेच दिवस झाले. मग एका सकाळी टेम्पोतून मशीन परत आली, आणि भाऊंनी आपल्या नियमाप्रमाणे तिला गोदामात नेऊन, तोंड भिंतीकडे करून ठेवले. अंगणात जो संवाद झाला तो मी जिन्यावर, तोंडात दात घासायचा ब्रश असल्याने काहीही न बोलता, शब्दशः ऐकला.

“आनली तं घरात काऊन नाई ठेवत?” भाभींनी विचारले.

“रोल उतराचा हाय.”

“कोनाचा रोल केला माह्या मशीनीनं?”

भाऊंना अभिमान लपवता आला नाही. “विधवेचा! नवरा जंगलात गेला, वापस आलाच नाई. अख्खा पिच्चर ते मशीनीवर बसून राह्यते. मोठा रोल हाय वो.”

भाभींनी गोदामाकडे बोट केले.

“मशीन कोनाची?”

“तुही.”

“रोल लागला हाय का तिले?”

“पक्का लागला.”

“उतरला का?”

“एवढ्यात कसा उतरन?”

“म्हंजे आज घडीले ह्या मशीनीची मालकीन विधवा हाय.”

“तसं पाह्यलं तं… रोलपुरती…”

“मंग तुमी मेले,” भाभी म्हणाल्या, आणि माझ्याकडे वळल्या. “सर, तुमी कॉलेजात हेच शिकवता ना? सांगा, बराबर हाय का नाई?”

भाऊही माझ्याकडे पाहत होते. मी ब्रश काढला. आधारविधाने एकदा मान्य केली की निष्कर्ष टाळता येत नाही, आणि सगळी आधारविधाने भाऊंनी स्वतः, साक्षीदारासमोर मान्य केली होती. मी चाचरत म्हणालो, “अनुमानाच्या रचनेत दोष दिसत नाही.”

“ज्या दिवशी मशीन सुहागनची होईन, त्या दिवशी तुमी जिते,” भाभींनी निकाल दिला. “तोपर्यंत मेलेल्या मानसाचा सैपाक या घरात होनार नाई.”

आणि झाला नाही. दुपारी भाभींनी एकच ताट वाढले. भाऊंनी हाक मारली तर त्या ऐकत नसत. ते समोर उभे राहिले तर त्या त्यांच्यापलीकडची भिंत पाहत. शेजारीपाजारी त्या भाऊंचा उल्लेख ‘मरहूम’ असा करू लागल्या, म्हणजे आपण कैलासवासी म्हणतो तसा, आणि तोही भूतकाळात. “मरहूमले वांगे बहुत आवडत होते,” असे त्या भाजीवालीला सांगत, आणि मरहूम दोन हात अंतरावर उभे राहून ते ऐकत. भाभींच्या बोलण्यात कडवटपणा नव्हता. उलट इतके प्रेमळ उल्लेख भाऊंच्या वाट्याला हयातीत कधी आले नव्हते. “स्वभावानं चांगले होते बिचारे. थोडे येडे होते.”

कोणताही नवरा यावर चिडला असता. भाऊ चिडू शकत नव्हते. तो त्यांचाच सिद्धान्त होता. त्यांनी तो प्रामाणिकपणे स्वतःला लावला. गॅसचे सिलिंडर घेऊन आलेल्या माणसाने विचारले, “मालक हायेत का?” तेव्हा भाऊ दारात उभे राहून म्हणाले, “नाई जी. आता नाई.” ब्रह्मपुरीकडचा एक कंपनीवाला सिंहासन ठरवायला आला, त्याच्याशी ते बोललेच नाहीत, त्याला त्यांनी हातानेच माडीकडे पाठवले. सिंहासनाचा व्यवहार मी केला, आणि फार वाईट केला. जेवायला ते माझ्या खोलीत येत. माझी खिचडी पाहून ते एकदा म्हणाले, “सर, मेल्यावर असंच मिळत असन का?”

ते थट्टा करीत आहेत असे मला वाटले. मग पाहिले तर त्यांच्या डोळ्यांत पाणी होते.

“भाऊ,” मी म्हणालो, “सोपा मार्ग आहे. सिद्धान्त मागे घ्या. वस्तूला रोल लागत नाही, एवढे एकदा भाभींसमोर म्हणा.”

त्यांनी हातातला घास ताटात परत ठेवला.

“मंग सर, एवढ्या साऱ्या सुऱ्यांनी जे कांदे कापले, ते फुकटच कापले का?”

एका बाजूला आयुष्यभराचा विश्वास होता, दुसऱ्या बाजूला बायकोने वाढलेले ताट, आणि या माणसाला दोन्ही हवे होते.

मशीनकडून कांदा कापून घेऊन का भागत नाही, हेही मी विचारले. भाऊंनी त्यावर विचार करून ठेवला होता. सुरी मुळात नाटकातलीच. तिच्यावर खोट्यावर खोटे चढते, ते सहज उतरते. मशीन घरातली. “हे खऱ्यावर खोटं चढलं, सर. हे कांद्यानं नाई उतरत. गोष्टीनं चढलं, गोष्टीनंच उतरन.” म्हणजे जी विधवा त्या मशीनवर बसली होती, तिचा नवरा कोणत्या तरी गोष्टीत परत यायला हवा होता.

म्हणून आम्ही मशीन टेम्पोत घालून मुलचेऱ्याकडे निघालो. भाऊ पुढे बसले नाहीत; मागे, घोंगडीत गुंडाळलेल्या मशीनशेजारी, तिला धरून बसले. मला कशासाठी नेत आहात, असे मी विचारले होते. ते म्हणाले, “तुमचा चेहरा इज्जतदार हाय सर, आन डायलॉग नाई. असा मानूस बाजूले उभा असला तं बोलनाऱ्याचं वजन वाढते.” आयुष्यात मला मिळालेली सर्वांत नेमकी प्रशस्ती ती हीच. मी उभा राहिलो. भाऊ बोलले. टोपी घातलेल्या तरुण दिग्दर्शकाने सगळे शांतपणे ऐकून घेतले.

“काका, नवरा परत आला तर पिक्चर संपतो.”

“एवढासा सीन, साहेब. दारात उभा राह्यते, मशीन पाह्यते, झालं.”

“तो मेलाय, काका.”

“तेच तं म्हनून राह्यलो. मीच मेलो हाव,” भाऊ कळवळून म्हणाले.

दिग्दर्शक माझ्याकडे पाहू लागला. मी इज्जतदार चेहरा करून उभा होतो. पेन्सिलवाल्या मुलीला मात्र वाईट वाटले. ती म्हणाली की दुसऱ्या एका दृश्यात सुखी शेजारणीच्या घरी मशीन मागे कोपऱ्यात ठेवता येईल. भाऊंना तो अपमान वाटला. “हिरोईन होती ते बाई. आता कोपऱ्यात उभी करता?” आम्ही मशीन घेऊन परत निघालो.

वडशात नाटकाच्या तालमी जोरात होत्या. एका कंपनीचे लेखक भाऊंचे जुने स्नेही. तेच नाटक लिहीत, तेच बसवीत. त्यांच्यापुढे भाऊंनी गाऱ्हाणे मांडले तेव्हा त्यांनी कपाळाला हात लावला. “भाऊ, माह्या नाटकात नवरा दुसऱ्या अंकात मरते. पब्लिक त्याच्यासाठीच रडाले येते. त्याले वापस आनू कसा?”

“नाटकात नोको आनू. नुसता तालमीत आन.”

“तालमीतला सीन चालते का तुह्या मशीनीले?”

“वस्तूले तिकीट नाई समजत,” भाऊ म्हणाले.

लेखकांनी एका बैठकीत प्रवेश लिहून दिला. बायको मशीनवर शिवत आहे. जंगलात हरवलेला नवरा दारात येतो. “मी परत आलो, प्रिये,” असे म्हणतो. ती उठते, कात्री हातातून पडते, गाणे. भाभींना निरोप गेला. त्यांनी सांगितले, “मशीन पाह्याले येईन. मानूस पाह्याले नाई.”

दुपारची वेळ होती. तालमीच्या हॉलमध्ये रिकाम्या खुर्च्यांच्या पहिल्या रांगेत भाभी एकट्या बसल्या होत्या. त्यांच्या मागच्या रांगेत मी. रंगमंचावर कंपनीची नायिका मशीनपुढे बसली. दारातून कंपनीचा नायक आला, छाती पुढे काढून, आणि त्याने हॉलच्या पत्र्याला हादरा बसेल अशा आवाजात सांगितले की तो परत आला आहे.

“हा पोट्टा कोन?” भाभींनी खालून विचारले.

“नवरा हाय, भाभी,” लेखक म्हणाले.

“माह्या मशीनीचा नवरा हा नोहे. ह्याले मी जन्मात पाह्यलं नाई. हा वापस आला तं मशीन ह्याच्या बायकोची होईन. मरहूम मेलेच राह्यले.”

यातही मला दोष दिसला नाही, आणि लेखकांनाही दिसला नसावा. ते विंगेकडे वळून म्हणाले, “भाऊ, आता तुमीच या.”

भाऊंनी जन्मभर सामान आत ठेवले आणि बाहेर काढले, पण उजेडात ते कधी उभे राहिले नव्हते. विंगेतून बराच वेळ काही हलले नाही. मग दारात एक लोखंडी पेटी दिसली, तिच्यामागे भाऊ. ते तिथेच थांबले. “नाई. हे नोकरीवाल्याची पेटी हाय. जंगलात हरवलेल्याकडे कुठून येईन?” आत गेले. खांद्यावर गाठोडे घेऊन आले. “हे तं भीक मांगनाऱ्याचं झालं,” म्हणत पुन्हा आत. मग कंदील आणला आणि दिवसाढवळ्या तो कशाला, म्हणून परत नेला. काठी आली, ती फार म्हाताऱ्याची ठरली. एकदा तर ते पेंढा भरलेले हरीण कवेत घेऊन आले.

“भाऊ, रिकाम्या हातानं या ना!” लेखक ओरडले.

“कसा येऊ?” आतून भाऊंचा आवाज आला. तो रडवेला होता. “हातात काई नसलं तं त्या मानसाले ओळखाचं कशावरून?”

या खटाटोपात नायिका कंटाळली होती आणि सहज चाळा म्हणून मशीनचे चाक उलटे फिरवू लागली होती. भाभी ताडकन उठल्या. “वो बाई, उलटं नोको फिरवू! दोरा गुतते!” पायऱ्या चढून त्या वर गेल्या, “सरक जरा,” म्हणून नायिकेला उठवले, स्वतः बसल्या, गुंता सोडवला, दोरा ओठांत धरून ओला केला आणि सुईत ओवला. शिवायला काही नव्हते, म्हणून नायिकेच्या पदराची उसवलेली कड त्यांनी सुईखाली घेतली. नायिका पदरासकट शेजारी उभी राहिली.

त्याच वेळी भाऊ आले. त्यांच्या हातात काहीही नव्हते. हात कुठे ठेवायचे हे त्यांना कळत नव्हते; ते त्यांनी पुढे घेतले, मागे घेतले, शेवटी लोंबकळू दिले. मग त्यांनी समोर पाहिले. मशीनवर नायिका नव्हती. भाऊंनी तोंड उघडले. “मी” एवढाच शब्द निघाला. ‘परत आलो’ हे त्यांना आठवले नाही, आणि ‘प्रिये’ हा शब्द त्यांच्या तोंडून निघण्याचा प्रश्नच नव्हता. मशीन चालू होती.

भाभींनी मान वर केली नाही. टीप सरळ जाते आहे ना, हे पाहत त्या म्हणाल्या, “आन पिशवी कुठी इसरले?”

भाऊंनी आपल्या दोन्ही हातांकडे पाहिले.

“इसरलो बाप्पा,” ते म्हणाले.

“काई ध्यानात राहत नाई तुमाले. बसा तिथी. एवढी कड झाली की घरी जाऊ. जेवाचं हाय दोघाले.”

भाऊ रंगमंचाच्या मधोमध, खालीच बसले. लेखक माझ्या कानाशी येऊन पुटपुटले, “पिशवीचं मी लिहिलं नोहतं, सर.” मला ते ठाऊक होते, प्रवेश मी वाचला होता. आणि भाऊ त्या दिवशी घरून निघाले ते माझ्याबरोबर, रिकाम्या हातांनी, हेही मला ठाऊक होते.

त्या दुपारपासून भाऊंचे ताट वाढले जाऊ लागले आणि मशीन खिडकीशी परत आली, एवढे मी खात्रीने सांगू शकतो. पुढे मी भिडस्तपणा बाजूला ठेवून दोघांनाही वेगवेगळे विचारले. भाऊ म्हणाले, “ते नाटकातल्या नवऱ्याले बोलली, सर. काय काम केलं बाईनं! म्हनूनच तं रोल उतरला.” भाभींनी टाचणी दातांत धरून माझ्याकडे पाहिले आणि विचारले, “कोनती पिशवी?” मी पुष्कळ वर्षे अनुमाने तपासली आहेत, पण इथे माझी आधारविधानेच पुरत नाहीत. म्हणून तुम्हालाच विचारतो: त्या दुपारी भाभी नेमक्या कोणाशी बोलल्या?